चिमणरावांपासून आबांपर्यंत

दादरला आमच्या मामांची चाळीत दोन खोल्यांची जागा होती. सत्तरच्या दशकाच्या अखेरची गोष्ट. आम्ही तेव्हा आठ-नऊ वर्षांचे होतो. उन्हाळ्याच्या सुटीत आईबरोबर बडोद्याहून मामांकडे जावयाचे आणि सुटी संपत आली की वडिलांनी आम्हांस न्यावयास यावयाचे, असा घरचा शिरस्ता होता. त्या वर्षी अण्णा, म्हणजे आमचे वडील, ज्या संध्याकाळी येऊन पोहोचले, त्याच संध्याकाळी मामांच्या शेजाऱ्यांकडे सारा मजला लोटला होता. कारण त्या मजल्यावर दूरदर्शनचा संच तेवढा त्यांच्याकडेच होता. पुढे सतरंजीवर मुले, त्यांच्यामागे बायका, दारात पुरुषमंडळी, आणि ज्यांना आत जागा मिळाली नाही ती गॅलरीच्या खिडकीला लागलेली. अण्णांना हातपाय धुण्याचाही अवसर न देता मामा म्हणाले, "चला, तुमचे चिमणराव लागताहेत."

'तुमचे' हा शब्द मामांनी मुद्दाम वापरला होता. अण्णा रेल्वेच्या कचेरीत कारकून होते आणि चि. वि. जोश्यांच्या कथांची त्यांनी अक्षरशः पारायणे केली होती. 'एरंडाचे गुऱ्हाळ'ची त्यांची प्रत मुखपृष्ठ गळून पडेपर्यंत वाचली गेली होती. शिवाय 'लग्न पहावं करून' या जुन्या बोलपटातील दामुअण्णा मालवणकरांचा चिमणराव त्यांच्या डोळ्यांपुढून हलत नसे. त्यामुळे "दामुअण्णांनंतर चिमणराव होणे नाही" असा निकाल आधीच देऊन ते दारात उभे राहिले. पडद्यावर कोट-टोपीतले एक किडकिडीत गृहस्थ आले. त्यांच्या चेहऱ्यावर सदैव, आपण कोणाची तरी वाट अडवून उभे आहोत की काय, असा अपराधी भाव होता. दहाएक मिनिटांनी आम्ही मागे वळून पाहिले, तेव्हा अण्णा दारातून आत येऊन बायकांच्या मागे मांडी घालून बसले होते आणि चष्मा काढून डोळे पुसत होते.

कार्यक्रम संपल्यावर यजमानांशी त्यांचा किंचित वादही झाला. "हा चिमणराव आमच्या बडोद्याचा," अण्णा म्हणाले. "अहो, चिमणराव पुण्याचा, सारा महाराष्ट्र जाणतो," यजमान म्हणाले. "राहतो पुण्यात. जन्मला बडोद्यात," असे म्हणून अण्णांनी चहाचा पेला उचलला. दुसऱ्या दिवशी रात्रीच्या गाडीने आम्ही परतलो.

अण्णांचे म्हणणे खोटे नव्हते. चिंतामण विनायक जोशी जन्माने पुण्याचे (१८९२), परंतु त्यांची हयात बडोद्यात गेली. ते बडोदे कॉलेजात पाली भाषेचे प्राध्यापक होते आणि पुढे संस्थानचे राजदप्तरदार झाले. दिवसा जातककथा आणि जुनी दप्तरे चाळणारा हा विद्वान गृहस्थ फावल्या वेळी चिमणराव नावाच्या भित्र्या, भोळ्या, संसारात पदोपदी ठेचाळणाऱ्या कारकुनाची चऱ्हाटे वळीत बसे. नवरा चिमणराव, बायको काऊ, मुले मोरू, मैना आणि राघू. एका घरट्यात सारे पक्षीकुळ भरलेले. आणि त्यांना आधार कोणाचा? तर मावसभाऊ गुंड्याभाऊचा, ज्याच्या दंडात बळ आणि डोक्यात नसत्या उठाठेवी. चि. वि. १९६३ साली निवर्तले. आमच्या लहानपणी बडोद्यातील वडीलधारी मंडळी त्यांच्याविषयी, काल-परवाच रावपुऱ्यात भेटले होते, अशा थाटात बोलत.

परंतु बडोद्यात जन्मलेल्या या चिमणरावाला पडद्यावर पाहणे बडोदेकरांच्या नशिबी नव्हते. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. पुढील वर्षी सिंहगडावरून ते पुण्यास दिसू लागले. आमच्या भागात मुंबईचे चित्र येत नव्हते. बेळगाव, इंदूर, ग्वाल्हेर, हैदराबाद येथील मराठी मंडळींचीही हीच कथा. म्हणून मामांनी एक युक्ती काढली. त्यांच्या आंतर्देशीय पत्रात शेवटची घडी 'चिमणराव' या मथळ्याखाली राखून ठेवलेली असे, आणि त्या आठवड्यात काय घडले ते ती घडी पुरवून पुरवून बारीक अक्षरांत लिहिलेले असे. अण्णा ते पत्र रात्री जेवणानंतर मोठ्याने वाचीत. आम्ही ती मालिका अशी ऐकून पाहिली. त्या पत्रांत नटाचे नाव पहिल्यांदा वाचले ते दिलीप प्रभावळकर.

याकूब सईद व विजया जोगळेकर यांची निर्मिती असलेल्या या मालिकेत बाळ कर्वे गुंड्याभाऊ झाले होते आणि ही जोडी घरोघर पोहोचली. मात्र भूमिका म्हणून चिमणराव हे प्रकरण दिसते तितके सोपे नाही. कथांमध्ये चिमणराव स्वतःच आपली हकीकत सांगतो. तो जे सांगतो ते त्याच्या दृष्टीने अत्यंत गंभीर असते. आपण हास्यास्पद आहोत याचा त्याला पत्ता नसतो, आणि सारा विनोद त्या पत्ता नसण्यात असतो. नट पडद्यावर आला की मोहाचा प्रसंग येतो: प्रेक्षकांकडे हळूच पाहून, पाहा मी किती गमतीचा आहे, असे सुचविण्याचा. एकदा हा मोह जिंकला की चिमणराव संपला. उरतो तो नुसता विदूषक. दामुअण्णांना त्यांच्या तिरळ्या नजरेची दैवी देणगी होती. १९४० च्या 'लग्न पहावं करून'मध्ये आणि १९४२ च्या 'सरकारी पाहुणे'मध्ये ते नुसते उभे राहिले तरी हशा होई, आणि शेजारी विष्णुपंत जोगांचा गुंड्याभाऊ असे. प्रभावळकरांपाशी असा एखादा जन्मजात अलंकार नव्हता. त्यांनी चिमणरावाची काळजी प्रामाणिकपणे वाहिली, एवढेच. घरी पाहुणे येणार असतील तर खरोखरच मोठे संकट आले आहे अशा चेहऱ्याने ते वावरत. अण्णा चष्मा काढून डोळे पुसत होते ते हसून की आणखी कशाने, हे आम्हांस तेव्हा कळले नाही. त्यांच्या कचेरीतील टेबल आम्ही पुढे पाहिले, तेव्हा थोडेसे कळले.

दिलीप प्रभावळकर यांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४ चा. 'रंगायन'सारख्या प्रायोगिक संस्थेच्या वातावरणातून ते रंगभूमीवर आले. त्यांच्या घडणीत आमच्या मते बालनाट्याचा वाटा कमी लेखू नये. रत्नाकर मतकरी यांच्या 'अलबत्या गलबत्या'मध्ये त्यांनी चिंची चेटकीण केली. मुलांचा प्रेक्षकवर्ग हा जगातील सर्वांत कठोर परीक्षक असतो, हे शाळेत उभे आयुष्य काढलेल्या माणसास सांगावयास नको. मुलांना खोटे चटकन कळते. चेटकीण होणारा पुरुष जर मनातून लाजत असेल, तर पहिल्या रांगेतील सहा वर्षांचे पोर ते ओळखते आणि खिडकीबाहेर पाहू लागते. चिंची मुलांना खरी वाटली. त्याच मतकरींच्या महाभारतावरील 'आरण्यक'मध्ये ते विदुर झाले. चेटकीण आणि विदुर या दोन टोकांमध्ये हा नट उभा राहावयास शिकला.

दूरदर्शनवरील यशात एक धोका असतो. पडद्यावरचा माणूस आठवड्याच्या आठवड्याला आपल्या घरात येतो, आणि मग लोक त्याला दुसरे काही होऊ देत नाहीत. चिमणरावानंतर प्रभावळकर जन्मभर भोळेभाबडे कारकूनच करीत राहिले असते, तरी त्यांचे पोट भरले असते आणि प्रेक्षकही संतुष्ट राहिले असते. त्यांनी तसे केले नाही. १९९१ च्या संजय सूरकर दिग्दर्शित 'चौकट राजा'मध्ये ते मतिमंद नंदू झाले. तेथे हसावे की नाही या संभ्रमात प्रेक्षक गप्प झाला. १९९३ साली महेश कोठारे यांच्या 'झपाटलेला'मध्ये ते तात्या विंचू नावाचे गुंड झाले, ज्याचा आत्मा रामदास पाध्ये यांच्या बाहुल्यात शिरतो. (त्या बाहुल्याची कीर्ती मूळ नटाहून अधिक झाली, आमच्या शाळेतील गुजराती मुलेदेखील 'तात्या विंछू' म्हणून एकमेकांना भिववीत.) दूरदर्शनवर 'साळसूद'मध्ये ते खलनायक झाले. २००२ च्या 'एन्काउंटर' या हिंदी चित्रपटात त्यांनी पुनाप्पा हा गुन्हेगार उभा केला. यांतील प्रत्येक काम सारखेच उत्तम आहे, असा आमचा दावा नाही. चित्रपटांनी त्यांना पुष्कळदा चार प्रसंगांपुरते बोलावून घेतले आणि त्यांच्यातील लेखकाचे काय करावे हे चित्रपटांना कधी उमगले नाही, असे आमचे स्पष्ट मत आहे.

हा लेखक पुरता प्रकट झाला तो 'हसवाफसवी'त. नव्वदच्या दशकात, बडोद्यास एम. ए. करीत असताना, आम्ही पुण्यास एका नातलगाच्या लग्नास गेलो होतो. लग्न सोडून नाटकास गेल्याबद्दल मातुःश्रींची बोलणीही खाल्ली. प्रभावळकरांनी स्वतः लिहिलेल्या या नाटकात सहा भूमिका त्यांनीच केल्या होत्या. नाना पुंजे, बॉबी मॉड, प्रिन्स वांटुंग, दीप्ती प्रभावळकर-पटेल-लुमुंबा, वृद्ध गायक-नट कृष्णराव हेरंबकर, आणि त्यांच्या मेळ्यात आमचा जुना स्नेही चिमणराव. (दीप्तीबाईंच्या तीन आडनावांत मधले 'पटेल' ऐकून आम्ही एकटेच मोठ्याने हसलो, पुणेकरांस बडोदेकराचे सुख काय कळावे!)

एक पात्र डावीकडून आत जाई, रंगमंचावरील इतर पात्रे मधला काळ बोलण्यात घालवीत, आणि निराळ्याच वयाचे, निराळ्याच आवाजाचे, कधी निराळ्याच लिंगाचे पात्र उजवीकडून येई. आरंभी प्रेक्षक वेषांतराच्या वेगास टाळ्या देतात. तिसऱ्या पात्रापासून टाळ्यांचे कारण बदलते. वेष हा भाग लहान. चाल बदललेली असते, श्वासाची लय बदललेली असते, बोलताना कोठे थांबावयाचे ते स्थान बदललेले असते. बॉबीचे वाक्य अर्ध्यावर तुटते, नानांचे वाक्य संपता संपत नाही. लेखक आणि नट एकच असल्याने प्रत्येक पात्राला त्याच्या फुप्फुसांच्या मापाची भाषा मिळाली होती. आणि कृष्णराव हेरंबकर आले तेव्हा सभागृह हसत होते. हा थकलेला म्हातारा आपल्या गेलेल्या दिवसांविषयी बोलू लागला, आणि हसू केव्हा थांबले ते आमचे आम्हांस समजले नाही. संगीत नाटकाच्या पडत्या काळातील असे एक-दोन वृद्ध नट आम्ही बडोद्यात पाहिले होते. लोक त्यांच्या लकबींची नक्कल करीत. नक्कल आणि हे जे समोर चालले होते, त्यांत काय अंतर आहे याचा विचार करीत आम्ही त्या रात्री मंगल कार्यालयात परतलो. नक्कल करणारा माणूस त्या म्हाताऱ्याच्या वरच्या पायरीवर उभा असतो. येथे कोणी वर उभे नव्हते.

प्रभावळकरांनी स्तंभलेखन केले, विनोदी लेख लिहिले, मुलांसाठी 'बोक्या सातबंडे'च्या कथा लिहिल्या, ज्यांवर मालिकाही झाली आणि २००९ साली चित्रपटही. परंतु आमच्या घरावर ज्या लेखनाने खरा परिणाम केला ते म्हणजे 'अनुदिनी'. 'लोकसत्ता'तील या सदरात टिपरे नावाच्या मध्यमवर्गीय कुटुंबातील माणसे आपापली रोजनिशी लिहीत. सेवानिवृत्त आजोबा गंगाधर टिपरे ऊर्फ आबा, मुलगा शेखर, सून श्यामला, नात शलाका आणि नातू शिऱ्या. घर तेच, प्रसंगही तोच. लिहिणारा मात्र बदलतो, आणि त्याबरोबर प्रसंगाचा अर्थ बदलतो. ज्या भांडणात शेखरला आपली बाजू न्यायाची वाटते, त्याच भांडणाविषयी श्यामला काय लिहिते ते वाचावे. विनोद कोणा एकाच्या मूर्खपणातून निघत नाही. एका छपराखाली इतकी निरनिराळी सत्ये नांदतात, यातून निघतो. चि. विं.नी चिमणरावाला आत्मनिवेदन दिले होते; प्रभावळकरांनी ते साऱ्या घरास वाटून दिले, असे आम्हांस वाटते. चिमणरावाची काऊ स्वतः लिहू लागली असती तर तिने काय लिहिले असते, हा प्रश्न आमच्या मनात 'अनुदिनी' वाचल्यावर प्रथम आला.

२००१ साली यावरून 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका निघाली. दिग्दर्शक केदार शिंदे. राजन भिसे, शुभांगी गोखले, रेश्मा नाईक, विकास कदम ही मंडळी आणि आबांच्या भूमिकेत स्वतः प्रभावळकर, जे तेव्हा सत्तावन्न वर्षांचे होते आणि पडद्यावर त्याहून बरेच वृद्ध दिसत. आणि या वेळी मामांच्या पत्राची गरज नव्हती. १९९९ साली अल्फा मराठी ही उपग्रह वाहिनी सुरू झाली होती. तिचे चित्र दादरला जसे दिसे तसेच दांडिया बाजारातही दिसे. आपणां बृहन्महाराष्ट्रातील मंडळींच्या आयुष्यात या गोष्टीचे मोल काय आहे, ते महाराष्ट्रात राहणाऱ्यास समजावून सांगणे कठीण. पहिल्याच भागाच्या वेळी अण्णांनी विनोद केला, "टिपरी म्हणजे दांडिया. हे टिपरे मूळचे आपल्या दांडिया बाजारातलेच असणार." चिमणरावाप्रमाणेच त्यांनी टिपऱ्यांनाही बडोद्याचे रहिवासी करून टाकले.

आता घरची एक गोष्ट सांगणे भाग आहे. आमची कन्या तेव्हा सहा-सात वर्षांची होती. घरात तिला चिमी म्हणत. हे नाव कोणी ठेवले असेल ते वाचकांनी ओळखले असेलच. ती इंग्रजी शाळेत जाई, अंगणात गुजरातीत खेळे आणि घरात आमच्याशी मराठी बोले. हे मराठी आपण सारे जाणतो. "मला ही भाजी गमत नाही," ती म्हणे. अण्णा हातातला घास ताटात ठेवीत. "भाजी गमत नसते. भाजी आवडते. माणसाला गमते." ती म्हणे, "आजोबा, पतंग चगवू या." "पतंग उडवतात." ती काही सांगावयास आली की "सांभळा ना, आजोबा!" म्हणे, कारण गुजरातीत सांभळणे म्हणजे ऐकणे. "काय सांभाळू? तुझी बाहुली?" अण्णा विचारीत. पहिल्यांदा ती हसली. विसाव्यांदा हसली नाही.

अण्णांचा दोष काढावा तर आम्ही त्यांच्याहून अधिक दोषी होतो. दिवसभर वह्या तपासून आलेला शिक्षक, त्यात मराठीचा एम. ए.; आमची तांबडी पेन्सिल घरीही चालूच असे. एके दिवशी आमच्या लक्षात आले की चिमी आजोबांशी बोलेनाशी झाली आहे. भांडण नव्हते, रुसवा नव्हता. विचारले तर 'हो', 'नाही', 'खाल्ले', 'झाले'. चूक होणार नाही एवढीच लहान उत्तरे ती निवडून देत असे. सौभाग्यवतींनी हे आमच्या आधी ओळखले होते. "तुम्ही दोघांनी मिळून पोरीचे मराठी शुद्ध केले," त्या म्हणाल्या, "इतके शुद्ध की आता काही उरलेच नाही."

टिपऱ्यांच्या घरातील शिऱ्या कसा बोलतो, हे ज्यांनी मालिका पाहिली त्यांना आठवत असेल. तरुण पोरांची ती भाषा ऐकून आबांच्या पिढीतील माणसाने कपाळास आठ्या घालाव्यात, अशी आपली अपेक्षा. आबा तसे करीत नाहीत. ते कान देतात. मुलांच्या बोलण्यात त्यांना कुतूहल असते. त्यांच्या गुपितांत ते सामील होतात, आणि प्रसंगी शेखरपेक्षा त्यांचीच बाजू घेतात. येथे नट प्रभावळकर फारच थोडे करीत. मान किंचित कलती करून, डोळे बारीक करून समोरच्याचे बोलणे ऐकत राहत. विनोदी नटाची कीर्ती त्याच्या बोलण्यावर असते. या माणसाने ऐकण्याचा अभिनय करून दाखविला. आमच्या मते त्यांच्या साऱ्या कारकिर्दीतील सर्वांत कठीण काम हेच होते, आणि त्याबद्दल टाळी पडत नाही.

अण्णा एकही भाग चुकवीत नसत. चिमीही त्यांच्या खुर्चीशेजारी येऊन बसे. तिला शिऱ्या आवडे. (तिच्या भाषेत 'गमे'.) त्या दिवसांत अण्णांनी कधी निराळे काही ठरविले, कोणाशी काही बोलले, असे मुळीच झाले नाही. आम्ही एवढेच पाहिले की एका संध्याकाळी चिमीने शाळेतील कोणता तरी शब्द वापरला आणि अण्णांनी मान कलती करून विचारले, "म्हणजे काय ग?" तिने समजावून सांगितले. तिला सांगावयास बराच वेळ लागला. मध्ये दोन चुका झाल्या, त्या आम्ही मोजल्या. अण्णांनी मोजल्या की नाही कोण जाणे. त्यानंतर त्यांच्या खुर्चीशेजारचे बोलणे पुन्हा सुरू झाले, आणि तांबडी पेन्सिल आम्हीही शाळेतच ठेवून येऊ लागलो.

मालिका २००५ पर्यंत चालली. शेवटी शेवटी तिचा धागा थोडा ताणला गेला, असे आम्हांस वाटते; पण घरात तसे बोलून दाखविण्याची सोय नव्हती.

पुढच्याच वर्षी एक मौज झाली. २००६ साली राजकुमार हिरानी यांचा 'लगे रहो मुन्नाभाई' प्रदर्शित झाला. आमची शाळा गुजराती माध्यमाची. शिक्षकांच्या खोलीत त्या चित्रपटातील गांधीजींवर आठवडाभर चर्चा चालली होती. गुजरातेत गांधीजींची भूमिका म्हणजे घरच्या वडीलधाऱ्याची भूमिका. पोशाख, चष्मा, काठी, उच्चार, सारे डोळ्यांत तेल घालून तपासले जाते. ज्येष्ठ सहकाऱ्यांनी विचारले, "आ भाई कोण छे? आपणा गुजराती?" आम्ही छाती पुढे काढून सांगितले की हे आमचे आबा टिपरे. त्यांना अर्थातच काही बोध झाला नाही. त्या चित्रपटात हशाच्या लोटात एक वृद्ध माणूस हळू आवाजात बोलत असतो आणि तो फक्त मुन्नालाच दिसतो. विनोदी चित्रपटात, विनोदी नटाकडे, एकही विनोद न मागणारी भूमिका आली होती. या भूमिकेसाठी आणि 'शेवरी' या मराठी चित्रपटातील कामासाठी मिळून त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मुन्नाचे बोलणे ऐकताना गांधीजींची मान किंचित कलती होते. अण्णांनी ते चित्रपटगृहात ओळखले आणि आमच्या कोपराला हळूच ढोसले.

२०२५ च्या सप्टेंबरात 'दशावतार' आला. सिंधुदुर्गातील व गोव्यातील आपल्या वाचकांस दशावतारी खेळाची ओळख करून देण्याचे कारण नाही. सुबोध खानोलकर यांच्या या चित्रपटात एक्याऐंशी वर्षांच्या प्रभावळकरांनी बाबुली मेस्त्री हा वयोवृद्ध दशावतारी कलावंत उभा केला. चिमीने तो नोकरीच्या गावी, पुण्यात पाहिला आणि रात्री दूरध्वनी केला. अर्धा तास ती बोलत होती. आबा आता केवढे म्हातारे झाले, पण अजून कसे उठतात, कसे वळतात, हे सांगत होती. अण्णांना जाऊन तेव्हा बारा-तेरा वर्षे झाली होती.

दूरध्वनी ठेवल्यावर आम्ही अण्णांच्या रोजनिश्या काढल्या. आबा टिपऱ्यांचे पाहून त्यांनीही त्या काळात रोजनिशी लिहावयास घेतली होती. रेल्वेची जुनी, कोरी राहिलेली डायरी, तारखा खोडून नव्या घातलेल्या. त्यांत फारसे काही नाही. दुधाचा हिशेब, रक्तदाब, कोण येऊन गेले, खंडेराव मार्केटात भाजीचा भाव. साहित्य म्हणून पाहू गेल्यास एकही पान उतरवून घेण्याजोगे नाही, असे आम्ही मराठीचे विद्यार्थी म्हणून कबूल करतो. एक पान मात्र आम्ही चिमीला पाठविण्यासाठी खूण घालून ठेवले आहे. २००३ च्या पावसाळ्यातले, बहुधा जुलैचे. कारकुनाचे सुवाच्य, किंचित उजवीकडे झुकलेले अक्षर:

"आज टिपरे अर्धेच दिसले. वीज गेली. मी झोपावयास गेलो होतो. वीज आल्यावर चिमीने उरलेला भाग एकटीने पाहिला व मला उठवून सर्व गोष्ट सांगितली. साडेदहापर्यंत चालले होते. मी सांभळले."

शेवटचा शब्द चुकून तसा पडला की जाणून लिहिला, ते अक्षरावरून कळत नाही. खाडाखोड नाही.